वेताळाचा प्रश्न आणि राजाचे उत्तर

भुताखेतांच्या, जादूच्या गोष्टी मुलांच्या हाती देऊच नयेत, असे चळवळीतले काही मित्र म्हणतात. मला ते पटत नाही. भुते खोटी असतात. पण ती रचणारा समाज खरा असतो आणि गोष्टीत तो उघडा पडतो.

मुंजाच घ्या. मुंज झालेला ब्राह्मण मुलगा अविवाहित मेला की त्याचा मुंजा होऊन पिंपळावर बसतो, असे सांगतात. म्हणजे मेल्यावरही जात सुटत नाही!

‘चांदोबा’ने घरोघर पोचवलेल्या वेताळाच्या मूळ कथा ११व्या शतकात काश्मीरच्या सोमदेवाने ‘कथासरित्सागरा’त सांगितल्या आहेत. त्यातली एक अशी : अनंगरती या राजकन्येला चार मागण्या येतात. रोज वस्त्रांच्या पाच जोड्या तयार करणारा शूद्र, पशुपक्ष्यांची भाषा जाणणारा वैश्य, तलवारबहाद्दर क्षत्रिय आणि मेलेल्याला उठवणारा ब्राह्मण. ती कोणाला द्यावी? राजा सांगतो : ती क्षत्रिय, म्हणून क्षत्रियाला. विणणाऱ्या हातांचा गुण जन्मापुढे फुकट जातो. आणि वेताळाला हे उत्तर बरोबर वाटते!

महाराष्ट्रात २०१३ साली जादूटोणाविरोधी कायदा झाला. कायदा भोंदूला आवरील. मुलाच्या मनातली भीती आणि जात मात्र प्रश्नानेच हलेल. म्हणून शिक्षकांना माझे सांगणे आहे : गोष्ट जरूर वाचा, पण राजा बोलण्याआधी पुस्तक मिटा. उत्तर मुलांना देऊ द्या.

ठाऊक असून गप्प बसलास तर डोके फुटेल, ही वेताळाची अट आपल्या मुलांनी लक्षात ठेवावी अशीच आहे.