मागोमे कोणत्या प्रांतात?

जपानात एदो, म्हणजे आजचे तोकियो, आणि क्योतो यांना जोडणारा नाकासेन्दो नावाचा एक जुना डोंगरी मार्ग आहे. या मार्गावर वाटसरूंसाठी विसाव्याची ६९ ठाणी होती. त्यांपैकीच एक मागोमे. थोर कादंबरीकार शिमाझाकी तोसोन यांचा जन्म १८७२ साली येथे झाला. हे गाव नागानो प्रांताच्या अगदी टोकाला होते.

लहान गावांना शाळा चालविणे, नोंदी ठेवणे इत्यादी कामे झेपत नाहीत, म्हणून जपानी सरकारने गावे एकत्र करण्याचे धोरण पूर्वीच स्वीकारले होते. १८८८ साली सुमारे ७१,००० असलेली गावे वर्षभरात सुमारे १६,००० उरली! १९५३ नंतर पुन्हा असेच विलीनीकरण झाले. त्या वेळी मागोमेच्या पंचक्रोशीत मोठा वाद माजला. काही वस्त्या शेजारच्या गिफू प्रांतातील नाकात्सुगावा शहरात गेल्या. मागोमे मात्र १९५८ साली यामागुची गावाशी जोडले जाऊन नागानोतच राहिले.

पुढे तरुण मंडळी शहरांकडे गेली, गावांत वृद्धच अधिक उरले आणि कराचे उत्पन्न आटले. १९९९ साली ३,२३२ असलेल्या नगरांची व गावांची संख्या २०१० पर्यंत १,७२७ वर आली. याच काळात यामागुचीनेही नाकात्सुगावात विलीन होण्याचे ठरविले. तोसोनांची जन्मभूमी परप्रांतात जाणार, हे नागानोतील अनेकांना रुचले नाही; प्रांताच्या राज्यपालांनीही विरोध केला. तथापि गावकऱ्यांचे रोजचे व्यवहार नाकात्सुगावाशीच होते. अखेर प्रांतिक विधिमंडळाने संमती दिली आणि फेब्रुवारी २००५ मध्ये मागोमे गिफूत गेले.

पुढचे ठाणे त्सुमागो आजही नागानोत आहे. दोहोंमधील खिंड आता प्रांतांची सीमा असून, वाटसरू ती पायीच ओलांडतात.