आडनाव फर्नांडिस, भाषा मराठी

‘फर्नांडिस ना तुम्ही? मग मराठी इतकं छान कसं हो बोलता?’ अंधेरीच्या मरोळमधल्या माझ्या एका मैत्रिणीला हा प्रश्न आयुष्यभर विचारला गेलाय. रेशनच्या रांगेत, मुलांच्या शाळेत, अगदी लग्नाच्या पंगतीतसुद्धा. पूर्वी ती चिडायची. हल्ली शांतपणे म्हणते, ‘अहो, माझ्या पणजीला मराठीशिवाय दुसरं काही येतच नव्हतं!’

तिचं म्हणणं खरं आहे. पण मग हे आडनाव आलं कुठून? मी शोधायला बसले आणि पार युरोपात जाऊन पोचले.

‘फर्नांडिस’ म्हणजे फर्नांडोचा मुलगा. बापाच्या नावावरून असं आडनाव करायची पोर्तुगालमध्ये जुनी रीत होती. आपण मधलं नाव बापाचं लावतो ना, काहीसं तसंच. रॉड्रिगोचा तो रॉड्रिग्ज, गोन्सालोचा तो गोन्साल्विस. गंमत म्हणजे ही नावं मुळात पोर्तुगीज नाहीतच, ती जर्मन कुळातली आहेत. पाचव्या शतकात व्हिसिगॉथ नावाच्या जर्मन टोळ्या स्पेन-पोर्तुगालकडे उतरल्या. त्यांचं राज्य इ.स. ७११च्या सुमारास बुडालं, भाषाही विरून गेली. नावं तेवढी मागे राहिली.

या लोकांत दोन शब्द जोडून नाव ठेवायची पद्धत होती. आपल्याकडे रणजित, धैर्यशील अशी नावं असतात, त्यातलाच प्रकार. फर्नांडोमधला दुसरा शब्द धाडसाचा. पहिल्याबद्दल अभ्यासकांची दोन मतं आहेत. कुणी म्हणतं प्रवास, कुणी म्हणतं शांती.

हे नाव मिरवणारेही एकेक नामी! स्पेनचा राजा फर्डिनांड आणि राणी इसाबेला यांच्याच पाठिंब्याने कोलंबस १४९२मध्ये निघाला होता. पृथ्वीप्रदक्षिणेच्या मोहिमेवर १५१९मध्ये निघालेला मॅगेलन, त्याचंही नाव फर्डिनांड. शाळेत आपण पाठ केलेलं पहिल्या महायुद्धाचं कारण आठवतंय? १९१४मध्ये खून झालेला ऑस्ट्रियाचा युवराज फ्रान्झ फर्डिनांड. आणि हरवलेली वस्तू सापडावी म्हणून ज्यांना साकडं घालतात, त्या संत अँथनींचं पाळण्यातलं नावसुद्धा फर्नांडोच. लिस्बनला जन्मलेल्या या संताने पुढे संन्यासी झाल्यावर अँथनी हे नाव घेतलं. आपल्याकडे म्हणाल, तर जॉर्ज फर्नांडिस. जन्म मंगळूरचा, पण १९६७मध्ये दक्षिण मुंबईत स. का. पाटलांना हरवून त्यांनी इतिहास घडवला.

आता पुन्हा अंधेरीकडे येऊ. अंधेरी, बोरिवली, मुलुंड, घाटकोपर हा सगळा पट्टा म्हणजे जुनं साष्टी बेट. सहासष्ट गावांची म्हणून साष्टी. १५३४च्या तहाने वसईबरोबर हा मुलूख पोर्तुगीजांकडे गेला. इथले कोळी, कुणबी, भंडारी यांच्यातले पुष्कळजण ख्रिस्ती झाले. बाप्तिस्म्याच्या वेळी बहुतेकदा पाद्र्याचं नाहीतर धर्मपित्याचं आडनाव मिळायचं. म्हणून एकाच गावठाणातली दोन फर्नांडिस घरं एकमेकांची नातलग असतीलच असं नाही, बरं का! मराठ्यांनी १७३७मध्ये साष्टी आणि १७३९मध्ये वसई घेतली. पोर्तुगीज गेले, आडनावं राहिली. पुढे गोवा-मंगळूरकडून आलेल्या ख्रिस्ती लोकांहून आपण वेगळे, इथलेच, हे सरकारला कळावं म्हणून या समाजाने १८८७मध्ये ‘ईस्ट इंडियन’ हे नाव घेतलं. राहायचं पश्चिम किनाऱ्यावर आणि नावात पूर्व! कंपनी सरकारशी असलेल्या जुन्या संबंधाची ती खूण.

आता मला महत्त्वाची वाटलेली गोष्ट सांगते. आडनाव बापाकडून आलं, तेही परक्या बापाचं. पण घरातली बोली, लग्नाची मराठी गाणी, लग्नाआधी वाजतगाजत विहिरीवरून उंबराचं पाणी आणायची रीत, उन्हाळ्यात मिरच्या वाळवून, भाजून, कुटून बाटल्यांत ठासून भरायचा बॉटल मसाला, हे सगळं टिकवलं कुणी? आज्यांनी, आयांनी, सुनांनी. रजिस्टरात त्यांचीही नोंद फर्नांडिस म्हणूनच झाली. पण लुगडं नेसून चर्चला जाणाऱ्या या बायांनी पोरांना झोपवलं ते मराठीतच.

आता गावठाणांच्या भोवती टॉवर उभे राहिलेत, नातवंडं इंग्रजी शाळेत जातात. आजीची बोली समजते, पण उत्तर इंग्रजीतून येतं. त्यात आपणही ‘मराठी कसं येतं?’ असं विचारून त्यांना परकं करायचं का? त्यापेक्षा ‘तुमचं गावठाण कुठलं? आजी काय म्हणायची तुमची?’ असं विचारून बघा. बोलणं आपोआप मराठीतून सुरू होईल. आणि कोण जाणे, निघताना मसाल्याची एखादी बाटलीही हातात पडेल!