‘पोटासाठी आलो’ या उत्तरामागे

परळ-नायगावच्या बाजूला डॉ. नरेंद्र जाधव यांच्या ‘आमचा बाप आन् आम्ही’ या पुस्तकाला पुष्कळ जण कादंबरी म्हणतात. ती कादंबरी नव्हे. १९९३ साली ग्रंथालीने प्रसिद्ध केलेली ती एका कुटुंबाची खरी हकिगत आहे. पण एकच गोष्ट बाप सांगतो, मग मुलगा सांगतो, म्हणून वाचकाला कादंबरीचा भास होत असावा.

यातील बाप म्हणजे दामोदर रुंजाजी जाधव, घरातले ‘दादा’. मूळ गाव नाशिक जिल्ह्यातील ओझर. शिक्षण नावापुरते. पोर्ट ट्रस्टच्या नोकरीतून निवृत्त झाल्यावर या माणसाला स्वस्थ बसवेना, तेव्हा मुलाने त्यांच्यामागे लकडा लावला की, दादा, तुम्ही तुमचे आयुष्य लिहून काढा. दादांनी ते लिहिले, तेही आपल्या बोलीत.

आता त्यातील मुख्य प्रसंग पाहू. १९३० च्या सुमारास दामूवर येसकरकीची पाळी होती. (विद्यार्थ्यांसाठी सांगतो : येसकर म्हणजे गावाचा बिनपगारी हरकाम्या. वेशीवर पहारा द्यायचा, मौतीचा सांगावा न्यायचा, साहेबाच्या गाडीपुढे धावायचे आणि मोबदल्यात घरोघर भाकरी मागायची.) विहिरीत सापडलेल्या एका प्रेतावर पहारा द्यायचे काम त्याच्याकडे आले. फौजदाराने प्रेत बाहेर काढण्याचा हुकूम सोडला. ते आपले काम नाही, असे दामूने सांगितले. त्याबद्दल त्याला गुरासारखे मारले. मार खाल्ला, पण तो नमला नाही. पुढे पत्नी सोनूला घेऊन त्याने रातोरात मुंबई गाठली.

येथे थोडे थांबले पाहिजे. गिरणगावात कोकणातून, घाटावरून लाखो माणसे आली. त्यांतील बहुतेकांचे गाव सुटले नव्हते. शिमग्याला, गणपतीला ती परत जात, गावी घर असे, शेताचा तुकडा असे. दामूचे जाणे या जातीचे नव्हते. त्याला आम्ही परागंदा होणे म्हणतो. सरकारी कागदात दोन्ही ‘स्थलांतर’च!

मुंबईतही सगळे मोकळे रान नव्हते. गिरण्यांत जादा मजुरीचे विणकाम खाते अस्पृश्यांना बंद होते, कारण धोट्यातला धागा तोंडाने ओढावा लागे. १९२८ च्या संपाच्या वेळी बाबासाहेबांनी हा प्रश्न उपस्थित केला होता. तरीही गावे सोडून शहरात या, असेच ते सांगत राहिले. दया पवारांच्या ‘बलुतं’मध्ये (१९७८) ही मुंबई दिसते, तीही अधिक अंधारी. परंतु ‘बलुतं’ हे एकट्याचे स्मरण आहे. जाधवांच्या घरी सगळे बोलतात. २००३ च्या इंग्रजी आवृत्तीत तर सोनाबाईचे निवेदन आले आणि शेवटी अमेरिकेत वाढलेली नात बोलते. फौजदाराचा मार तिच्यापर्यंत पोहोचला तो आजोबांनी लिहून ठेवला म्हणून.

आमच्या घरी कोणी लिहिले नाही. आमचे वडील गिरणीत होते. जन्मतारीख १ जून, म्हणजे शाळामास्तरने ठोकून दिलेली. बँकेच्या काउंटरवर पेन्शनचे फॉर्म तपासताना आम्हाला अशा १ जूनवाल्यांची रांगच दिसते. मुंबईला का आलात, असे विचारले की वडील म्हणत, “पोटासाठी आलो.” आम्हीही कधी दुसरा प्रश्न विचारला नाही. ते गेले. बीडीडी चाळी पाडून तेथे टॉवर उभे राहत आहेत. खोली रिकामी करताना जुनी ट्रंक उघडली, तर आत पगाराच्या चिठ्ठ्या, बाबासाहेबांचा फोटो आणि गावच्या घराची गंजलेली किल्ली.

यंदा आत्याकडे गेलो तेव्हा ही किल्ली तिच्यापुढे ठेवली. वय पंच्याऐंशीच्या पुढे, पण स्मरण खणखणीत. बराच वेळ किल्ली हातात फिरवून ती म्हणाली, “पोटासाठी कसलं बाळा, पोट तिथंबी भरत व्हतं. तुझ्या आज्यानं पाटलाच्या दारात मेलेलं ढोर वढायला नाही म्हणलं. रातीच निघालो आम्ही. कुलूप लावलं त्ये मीच.”

दुसऱ्या दिवशी शंभर पानी वही घेऊन आम्ही पुन्हा तिच्याकडे गेलो. तीन पाने झाली आहेत.