लहान भूमिकांची कारागीर

क्रिस्तिना फेल्डमान (१९१६–२००७) या पोलंडच्या रंगभूमीवरील आणि पडद्यावरील चरित्र अभिनेत्री. रंगमंचावर त्या १९३७ साली पहिल्यांदा उभ्या राहिल्या. कॅमेऱ्यासमोर आल्या त्या येझी कावालेरोविच यांच्या १९५३ सालच्या ‘त्सेलुलोझा’ या चित्रपटात. चित्रपटातली पहिली प्रमुख भूमिका त्यांना मिळाली ती २००४ साली पडद्यावर आलेल्या ‘मुय निकिफोर’ म्हणजे ‘माझा निकिफोर’मध्ये. तेव्हा त्यांचे वय अठ्ठ्याऐंशी होते आणि भूमिका पुरुषाची होती. मधली पन्नास वर्षे पडद्यावर त्यांच्या वाट्याला आली ती शेजारीण, आत्या, म्हातारी, दारात उभी राहून दोन वाक्ये बोलणारी कोणीतरी बाई. या दोन टोकांमध्ये दैवयोगापेक्षा कामाचा धागा जास्त आहे, आणि त्यांची कारकीर्द पाहायची ती त्यासाठीच.

पोलिश नाट्यव्यवहारात अशा नटीला ‘आक्तोर्का खाराक्तेरिस्तिच्ना’ म्हणतात. नटांची प्रकृतीप्रमाणे विभागणी करण्याची जुनी फ्रेंच पद्धत पोलंडने उचलली होती. प्रेमिक, भोळी तरुणी, विनोदी नट, चरित्र नटी असे खण पाडलेले असत आणि नाटक कंपनी माणसे घेताना आधी कोणता खण रिकामा आहे ते पाही. खण ठरे तो चेहऱ्यावरून, उंचीवरून आणि आवाजावरून. फेल्डमान ठेंगण्या, किरकोळ बांध्याच्या. चेहरा निमुळता, आवाजात सिगारेटींनी आणलेली खरखर. नायिकेच्या खणात असा ऐवज बसत नाही. पोलिश भाषेची एक गंमत म्हणजे रंगभूषेलाच तिथे ‘खाराक्तेरिझात्स्या’ म्हणतात. चेहरा सजवणे हा त्या शब्दाचा अर्थ नाही; त्याला एक विशिष्ट स्वभाव देणे, हा आहे. नायिका रंगवली जाते आणि चरित्र नटी घडवली जाते, हा भेद त्या एका शब्दात सापडतो.

त्यांचा जन्म १ मार्च १९१६ रोजी ल्वूफ शहरात झाला. हे शहर तेव्हा ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यात होते, दोन महायुद्धांच्या मधल्या काळात पोलंडमध्ये होते आणि आज ल्वीव या नावाने युक्रेनमध्ये आहे. वडील फेर्दिनांद फेल्डमान हे ल्वूफच्या रंगभूमीवरचे नामांकित नट, आई ऑपेरा गायिका. मुलगी तीन वर्षांची असताना वडील गेले, त्यामुळे वडिलांकडून वारसा आला तो आडनावाचा. विद्या शिकावी लागली. ती त्यांनी ल्वूफमध्येच यानुश स्त्राखोत्स्की यांच्या नाट्यवर्गात घेतली आणि १९३७ मध्ये शहराच्या नाट्यगृहात पदार्पण केले.

दोनच वर्षांत युद्ध आले. सप्टेंबर १९३९ मध्ये ल्वूफवर सोव्हिएत सैन्याचा ताबा आला, जून १९४१ मध्ये जर्मनांचा आणि जुलै १९४४ मध्ये पुन्हा सोव्हिएतांचा. जर्मन अमलात पोलिश रंगभूमी बंद होती. जर्मन परवान्याने चालणाऱ्या करमणुकीच्या थिएटरांवर नटांच्या संघटनेने बहिष्कार घातला होता, आणि नावाजलेले नट-नट्या कॅफेंमध्ये कपबशा उचलून पोट भरत होते. फेल्डमान या काळात ‘आर्मिया क्रायोवा’ या भूमिगत सेनेत निरोप पोचवण्याचे काम करत होत्या. कोणाच्या नजरेत भरू नये हीच या कामाची अट असते. पुढे आयुष्यभर त्यांचा धंदा नेमका उलटा होता: दोन मिनिटांत नजरेत भरायचे.

युद्धानंतर ल्वूफ सोव्हिएत युनियनमध्ये गेले आणि तिथले पोलिश लोक पश्चिमेकडे हलवले गेले. शहराच्या पोलिश नाट्यसंचाने कातोवित्सेला बिऱ्हाड हलवले, इतर कलावंत मिळेल तिथे पांगले. फेल्डमान यांच्या वाट्याला प्रांतोप्रांतीची थिएटरे आली. ओपोले, येलेनिया गुरा, वूच, श्चेचिन, क्राकूफ असा हा प्रवास. यांतली ओपोले, येलेनिया गुरा आणि श्चेचिन ही शहरे १९४५पर्यंत जर्मनीत होती. तिथल्या इमारतींत पोलिश रंगभूमी नव्याने उभी राहत होती, आणि प्रेक्षकांतही बरेच जण नट्यांसारखेच सामान बांधून आलेले होते. पती, नट-दिग्दर्शक स्तानिस्वाव ब्रिलिन्स्की, १९५३ मध्ये वारले. पुढचा संसार मुख्यतः थिएटरशीच.

या थिएटरांचा दिनक्रम ठाऊक असला की चरित्र नटीचे काम समजते. १९४९ नंतर पोलंडमधली थिएटरे सरकारी झाली. नट पगारी झाले, हंगामापुरता करार होऊ लागला, संच कायमचा राहिला. सकाळी दहा ते दोन तालीम, संध्याकाळी सातला प्रयोग. एक नाटक महिनोन्‌महिने सलग चालत नाही. चार-पाच नाटके आळीपाळीने लागतात. नायिकेला त्यातल्या एखाद-दोन नाटकांत काम असते, चरित्र नटीला बहुतेक सगळ्यांत. सोमवारी ती दाई, मंगळवारी सरदारीण, बुधवारी चेटकीण. शिवाय फिरतीचे प्रयोग: सकाळी बसमध्ये नेपथ्य भरायचे, एखाद्या गावच्या सांस्कृतिक केंद्राच्या सभागृहात ते उभे करायचे आणि रात्री उशिरा परतायचे. तालमीचे पहिले दिवस टेबलाभोवती बसून संहिता वाचण्यात जातात. नायिकेच्या वाट्याला त्यात पानेच्या पाने येतात, चरित्र नटीच्या वाट्याला पाच ओळी. पण त्या पाच ओळी कोणाच्या तोंडच्या, हे तिला स्वतःच शोधावे लागते. नाटककाराने ‘एक म्हातारी’ एवढेच लिहून ठेवलेले असते.

चित्रपटात हा हिशेब आणखी कडक. छोट्या भूमिकेला पोलिशमध्ये ‘एपिझोद’ म्हणतात आणि मानधन चित्रीकरणाच्या दिवसांवर ठरते. प्रांतातली नटी रात्रीच्या गाडीने वूच किंवा वॉर्साला जाई, दिवसभर चित्रीकरण करी आणि दुसऱ्या दिवशीच्या तालमीला परत हजर होई. सेटवर सगळे एकमेकांना ओळखत असतात, ही बाहेरची. दिग्दर्शकाचे लक्ष नायकावर असते. भूमिका उलगडायला वेळ नसतो. म्हणून ती आधीच उलगडून आणावी लागते. नायकाचा भूतकाळ कथानक सांगते. एपिझोदमधल्या बाईचा भूतकाळ तिच्या पिशवीच्या धरण्यात, डोक्यावरच्या रुमालाच्या गाठीत, उंबऱ्यावर क्षणभर थांबण्यात दिसला तर दिसला. आणि हे जास्त झाले तर तीही चूक. दृश्य नायकाचे आहे. ते हिसकावून घेणारी चरित्र नटी एकदाच बोलावली जाते.

फेल्डमान पुन्हा पुन्हा बोलावल्या गेल्या. पोलिश समीक्षक त्यांना ‘एपिझोदची राणी’ म्हणू लागले. हे कौतुक खरे, पण त्यात थोडी फसवणूकही आहे, कारण या राणीला राज्य कधी मिळत नाही. राडोस्वाव पिवोवार्स्की यांचा १९८४चा ‘येस्टरडे’ त्यांच्या गाजलेल्या छोट्या भूमिकांपैकी. बीटल्सच्या वेडाने झपाटलेल्या शाळकरी मुलांच्या या गोष्टीत त्यांच्या वाट्याला आलेली बाई दुसऱ्या फळीतली आहे, तरी चित्रपट आठवताना ती आठवते. त्याच पिढीतल्या इरेना क्व्यात्कोव्स्का यांचे उदाहरण शेजारी ठेवावे. ‘चतेर्जेस्तोलातेक’ म्हणजे ‘चाळिशीचा माणूस’ या सत्तरच्या दशकातल्या मालिकेत त्या दर वेळी नव्या नोकरीत दारात उभ्या राहणाऱ्या कष्टकरी बाईच्या भूमिकेत येत आणि दोन-तीन मिनिटांत निघून जात. आज मालिकेचे नाव काढले की पहिल्यांदा तीच बाई सांगितली जाते. क्व्यात्कोव्स्कांचे हत्यार मात्र घड्याळासारखी नेमकी उच्चारफेक. फेल्डमान यांचे हत्यार चेहरा आणि अंगाची ठेवण.

१९७६ मध्ये त्या पोझनानच्या ‘तेआत्र पोल्स्की’त आल्या. प्रशियाच्या राजवटीत लोकवर्गणीतून उभे राहिलेले हे थिएटर. ‘राष्ट्राकडून स्वतःला’ अशा अर्थाचे दोन पोलिश शब्द त्याच्या दर्शनी भिंतीवर कोरलेले आहेत. १९८३ मध्ये त्यांनी त्याच शहरातले ‘तेआत्र नोवी’ धरले आणि मग सोडले नाही. इझाबेला त्सिविन्स्का यांच्या संचालनाखाली या थिएटरने संचाची जी शिस्त बसवली होती तिचा देशभर दबदबा होता. फेब्रुवारी १९९२ मध्ये तादेउश वोम्नित्स्की हे पोलंडचे थोर नट याच थिएटरात ‘किंग लिअर’च्या तालमीत कोसळले आणि गेले, थिएटरला आज त्यांचे नाव आहे. फिरतीवर निम्मे आयुष्य काढलेल्या फेल्डमान यांना साठी ओलांडल्यावर असे घर मिळाले. आपल्याच आयुष्यावरचा ‘इ तो मि झोस्ताओ’ म्हणजे ‘आणि हेच माझ्याजवळ उरले’ हा एकपात्री प्रयोगही त्यांनी इथेच केला. आयुष्यभर दुसऱ्या फळीत उभी राहिलेली नटी तिथे सबंध रंगमंचावर एकटी होती.

घराघरांत त्यांचे नाव पोचले ते मात्र वेगळ्याच वाटेने. १९९९ मध्ये पोल्साट वाहिनीवर ‘क्येप्स्कींच्या नजरेतून जग’ ही विनोदी मालिका सुरू झाली. ‘क्येप्स्की’ म्हणजे सुमार, टाकाऊ, आणि मालिकेतले कुटुंब आडनावाला जागणारे आहे. व्रोत्स्वाफमधली जुनी चाळवजा इमारत, सगळ्या मजल्याला मिळून एक संडास, बिअर पिणारा बेकार घरधनी आणि चाकांच्या खुर्चीतली आजी रोझालिया. कुटुंबाचा डोळा आजीच्या पेन्शनवर. ही आजी फेल्डमान यांनी केली. सुसंस्कृत वर्तमानपत्रांनी मालिकेला नाके मुरडली, आणि चांगल्या नटीने यात पडायला नको होते असेही म्हटले गेले. या आक्षेपात फारसा दम नाही. चाकांच्या खुर्चीत बसल्यावर चाल जाते, उभे राहणे जाते. उरतात मान, हात आणि खरखरीत आवाज. एवढ्यावर प्रत्येक भागात हशा मिळवणे हे हलके काम नव्हे. शिवाय पुढच्या भूमिकेची तयारी, कळत-नकळत, याच खुर्चीत झाली असे म्हणायला जागा आहे.

ती भूमिका निकिफोरची. निकिफोर (१८९५–१९६८) हा क्रिनित्सा या आरोग्यस्थळी राहणारा, लेम्को या डोंगराळ भागातल्या अल्पसंख्य समाजातला चित्रकार. खरे नाव एपिफानी द्रोव्न्याक. जन्म दारिद्र्यातला, शिक्षण नाही, जिभेच्या दोषामुळे बोलणे इतरांना न कळणारे. रंगांची पेटी घेऊन तो फिरायला येणाऱ्यांच्या रस्त्यावर बसे आणि वहीच्या पुठ्ठ्यांवर, सिगारेटच्या पाकिटांच्या कागदांवर जलरंगात चर्चे, रेल्वे स्टेशने, संत आणि स्वतःला काढी. १९४७ मध्ये सरकारने लेम्को लोकांना सक्तीने उत्तर आणि पश्चिम पोलंडात हलवले तेव्हा त्यालाही नेले. तो पायी परत आला. त्याची चित्रे पुढे पॅरिसमध्ये मांडली गेली आणि १९६७ मध्ये वॉर्साच्या झाखेंता कलादालनात. दिग्दर्शक क्शिश्तोफ क्राउझे यांनी योआन्ना कोस यांच्यासह लिहिलेला ‘मुय निकिफोर’ हा चित्रपट त्याच्या शेवटच्या आठ वर्षांचा आहे. १९६० साली मारियान व्वोशिन्स्की या चित्रकाराच्या कामाच्या खोलीत एक म्हातारा आगंतुकासारखा शिरतो, बस्तान मांडतो आणि जात नाही. व्वोशिन्स्कीचे काम रोमान गान्त्सार्चिक यांनी केले आहे.

स्त्रीने पुरुषाची भूमिका करणे नवे नव्हते. १८९९ मध्ये सारा बर्नहार्टने हॅम्लेट केला, पण तिथे प्रेक्षक हॅम्लेटइतकाच साराला पाहायला येत होता. १९८२च्या ‘द इयर ऑफ लिव्हिंग डेंजरसली’त लिंडा हंट यांनी पुरुष छायाचित्रकार केला आणि सहायक अभिनेत्रीचे ऑस्कर घेतले. फेल्डमान यांचा निकिफोर या दुसऱ्या जातीचा आहे. आधी ठाऊक नसलेल्या प्रेक्षकाला हा नट बाई आहे याचा संशय सहसा येत नाही, आणि ठाऊक असलेला प्रेक्षक दहा मिनिटांत विसरतो. पुरुष वाटावे म्हणून त्यात काहीही केलेले दिसत नाही. रुंद चाल नाही, जड आवाज नाही. सगळा भर म्हातारपणावर, आजारावर आणि हट्टावर आहे. अंगापेक्षा मोठा कोट, टोपी, चष्मा आणि आत आक्रसलेले शरीर. निकिफोर दुसऱ्याची चित्रे पाहतो तेव्हा चेहऱ्यावर दया नसते, गुरुत्व असते. समोरच्याला रंग कळत नाहीत याबद्दल त्याला शंका नाही. बोलणे पुटपुटल्यासारखे, निम्मे गिळलेले, तरी प्रत्येक वाक्याचा रोख कळतो. ज्या नटीने आयुष्यभर पाच ओळींत माणूस उभा केला, तिला अर्धवट शब्द पुरतात. पहिल्यांदा पाहताना चेहऱ्याकडे लक्ष जाते. दुसऱ्यांदा हाताकडे द्यावे. ब्रश धरलेला तो हात कलावंताच्या ऐटीत हवेत फिरत नाही. रोज तेच काम करणाऱ्याचा हात जसा चालतो तसा तो चालतो.

२००४ च्या ग्दिनिया इथल्या पोलिश चित्रपट महोत्सवात फेल्डमान यांना प्रमुख स्त्री भूमिकेचे पारितोषिक मिळाले. २००५ मध्ये चेक प्रजासत्ताकातल्या कार्लोव्ही व्हारी चित्रपट महोत्सवात चित्रपटाला सर्वोच्च ‘क्रिस्टल ग्लोब’, क्राउझे यांना दिग्दर्शनाचे आणि फेल्डमान यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचे पारितोषिक मिळाले. पुरुषाच्या भूमिकेला अभिनेत्रीचे पारितोषिक द्यावे का, यावर विनोद झाले. परीक्षकांपुढे दुसरा रकाना नव्हता. यशानंतर त्या कुठे गेल्या नाहीत. पोझनानमध्येच राहिल्या, तेआत्र नोवीच्या संचातच राहिल्या. २४ जानेवारी २००७ रोजी कर्करोगाने त्या तिथेच वारल्या. नव्वद वर्षांच्या होत्या, एक्क्याण्णवा वाढदिवस पाच आठवड्यांवर होता.