मानाची उतरंड

महाराष्ट्रांतील जुनें खेडें पाहुण्याला शांत व समाधानी वाटे. पाटील कारभार पाही, कुलकर्णी दप्तर लिही, सुतार-लोहार औतें दुरुस्त करीत आणि सुगीला ज्याचें त्याचें बलुतें खळ्यावर मिळे. पण या शांततेखालीं सत्तेची एक उतरंड रचलेली होती. ती इतकी वर्षें टिकली कशी, हें पाहण्याजोगें आहे.

तिचा पहिला आधार वतन. काम वंशपरंपरेचें, म्हणून जमीन व हक्कही वंशपरंपरेचे. दुसरा आधार मानपान. पोळ्याला बैल कोणाचे पुढें, होळीला पोळी कोणाची पहिली, यावरून भाऊबंद पिढ्यान्‌पिढ्या भांडत. तंटा गोतसभेपुढें जाई व निवाड्याचा महजर लिहिला जाई. आज हें क्षुल्लक वाटेल. पण मान ही हक्काची उघड खूण होती. आज मान सोडला, तर उद्यां हक्कही जाईल, अशी धास्ती असे.

उतरंडींत सर्वांत अधिक भार तळच्या मडक्यावर असतो. महार वतनदाराची स्थिति तशीच होती. शिवेच्या तंट्यांत त्याच्या साक्षीला वजन असे, सरकारी वसूल तो पोंचवी. तरी त्याची वस्ती गांवकुसाबाहेर आणि पाणवठा निराळा. तुटपुंज्या इनामासाठीं सारें घर राबणुकीला बांधलेलें. १८७४ च्या वतन कायद्यानेंही ही बांधिलकी चालूच ठेविली. १९२८ सालीं डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनीं मुंबई कायदे कौन्सिलांत ती मोडण्यासाठीं बिल मांडलें. पुढें तें मागें घ्यावें लागलें. लोक ज्याला वतन म्हणून जपत होते, ती बेडी आहे हें त्यांनीं ओळखलें होतें. अखेर १९५८ च्या कायद्यानें कनिष्ठ गांव-वतनें रद्द झालीं.

तिसरा आधार बहिष्काराचा. रीत मोडणाराला वाळींत टाकीत. न्हावी, परीट त्याच्याकडे येईनासे होत. प्रेताला खांदा देण्यासही कोणी धजत नसे. न येणाऱ्या न्हाव्याच्या मनांत वैर असेच असें नाहीं; आपणही वाळींत पडूं, हें भय असे. अशा रीतीनें प्रत्येकजण दुसऱ्याचा पहारेकरी बने.

वतनें गेलीं, पण हें भय उरलें. म्हणून महाराष्ट्र विधिमंडळाला २०१६ सालीं सामाजिक बहिष्काराविरुद्ध स्वतंत्र कायदा संमत करावा लागला. कायदा वाळींत टाकणाराला शासन करील. पण वाळींत पडलेल्याच्या उंबऱ्यावर पहिलें पाऊल टाकणारा शेजारी गांवांतूनच निघाला पाहिजे.