ग्वाल्हेरचा तनखा आणि हैदराबादेतली सही

5 सप्टेंबर 1970. माजी संस्थानिकांना सरकारकडून मिळणारे तनखे बंद करणारे घटनादुरुस्ती विधेयक लोकसभेत मंजूर होऊन राज्यसभेत आले होते. बाजूने 149 मते पडली, विरोधात 75. घटनादुरुस्तीला लागणारे, हजर राहून मत देणाऱ्या 224 सदस्यांचे दोन तृतीयांश म्हणजे 149 पूर्णांक एक तृतीयांश. एका मताच्या तिसऱ्या हिश्शाने विधेयक पडले!

इंदिरा गांधींचे सरकार थांबले नाही. राष्ट्रपती व्ही. व्ही. गिरी तेव्हा हैदराबादला होते. कागद तिकडे गेले, सही झाली आणि 6 सप्टेंबरच्या आदेशांनी देशातल्या सगळ्या संस्थानिकांची मान्यता एकदम काढून घेतली गेली. ‘राजा’ म्हणून मान्यताच उरली नाही, की तनखाही आपोआप बंद. संसदेत जे साधले नाही, ते सहीने साधायचे, असा हा हिशेब होता.

त्याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात गेलेल्यांत ग्वाल्हेरचे माधवराव शिंदे होते, वय वर्षे पंचवीस. निकाल त्यांच्याच नावाने ओळखला जातो. 1948 मध्ये ग्वाल्हेर मध्य भारतात विलीन झाले, वडील जिवाजीराव त्या संघाचे राजप्रमुख झाले, आणि विलीनीकरणाच्या कराराने ठरलेल्या तनख्याला राज्यघटनेच्या 291 व्या कलमाने हमी दिली. गंमत अशी, की शिंदे मराठी, हे तनखे बंद करावेत म्हणून काँग्रेसमध्ये 1967 साली जोर लावणारे मोहन धारिया मराठी आणि गृहमंत्री या नात्याने संस्थानिकांशी वाटाघाटी करणारे यशवंतराव चव्हाणही मराठीच.

जनमत संस्थानिकांच्या बाजूने मुळीच नव्हते. गरीब देशाने माजी राजांना करमुक्त पैसे का द्यावेत, हा प्रश्न रास्त होता. मात्र न्यायालयापुढचा प्रश्न तो नव्हताच. धोरण चांगले की वाईट, हे ठरवणे न्यायाधीशांचे काम नाही. ज्याने निर्णय घेतला त्याला तो अधिकार कायद्याने दिला होता का आणि दिलेल्या कामासाठीच वापरला का, एवढे ते तपासतात. न्यायिक पुनर्विलोकन म्हणतात ते हेच, आणि बहुतेक वाद इथेच घसरतात.

सरकारचे म्हणणे होते, की मान्यता देणे-काढणे ही राजकीय बाब आहे. शिवाय 363 व्या कलमाने संस्थानिकांच्या करारांवरचे वाद न्यायालयाच्या कक्षेबाहेर ठेवले आहेत. संस्थानिकांतर्फे नानी पालखीवाला उभे होते. 15 डिसेंबर 1970 रोजी अकरा न्यायाधीशांच्या पीठाने नऊ विरुद्ध दोन असा निकाल देऊन आदेश रद्द केले. 366 व्या कलमाने राष्ट्रपतींना राजा कोण ते ओळखण्याचा अधिकार दिला होता. राजा ही संस्थाच एका झटक्यात पुसून टाकण्याचा नाही, आणि तनखा ही सरकारची मेहेरबानी नसून मालमत्ता आहे, असे बहुमत म्हणाले. ब्रिटिशांची सार्वभौम सत्ता वारशाने आपल्याकडे आली, हा सरकारचा दावाही टिकला नाही. न्यायमूर्ती मित्तर आणि रे यांचे मत वेगळे पडले. सरन्यायाधीश हिदायतुल्ला, नागपूरच्या वकिलीतून वर आलेले, दुसऱ्याच दिवशी निवृत्त झाले.

हे न्यायालय सरकारला सतत आडवे येते, असा समज करून घेऊ नये. 2001 मध्ये बाल्को या सरकारी कंपनीतले 51 टक्के भाग विकण्याचा निर्णय त्याने कायम ठेवला; निर्गुंतवणूक करावी की नाही, हा आर्थिक धोरणाचा विषय आहे आणि कायदा मोडलेला नाही, म्हणून. ग्वाल्हेरच्या प्रकरणात उद्देशाला हरकत नव्हती, मार्गाला होती.

घटनादुरुस्तीचा मार्ग मोकळा होता, आणि सरकारने तो घेतला. लोकसभा विसर्जित झाली, 1971 च्या निवडणुकीत इंदिरा गांधींना प्रचंड बहुमत मिळाले, आणि डिसेंबर 1971 मध्ये सव्विसाव्या घटनादुरुस्तीने 291 वे कलमच काढून टाकले. त्याच निवडणुकीत माधवराव जनसंघाच्या तिकिटावर गुना मतदारसंघातून लोकसभेत पोहोचले होते. म्हणजे तनखा गेला तेव्हा ते स्वतः खासदार होते.

या दुरुस्तीलाही आव्हान मिळाले, आणि तेही एका मराठी संस्थानातून: कुरुंदवाडच्या धाकट्या पातीचे रघुनाथराव गणपतराव यांची ही याचिका 1972 ची. सर्वोच्च न्यायालयाने ती 1993 मध्ये फेटाळली. या वेळी आक्षेप आदेशावर नव्हता. संसदेने रीतसर केलेल्या दुरुस्तीने घटनेची मूलभूत चौकट, जी दुरुस्तीनेही मोडता येत नाही, ती मोडली का, एवढेच पाहायचे होते, आणि पाच न्यायाधीशांना ती मोडलेली दिसली नाही.