तोफेतले होन आणि तेजाबाची विहीर
वीरकथांच्या वाटेवर : लेखांक १४

कॅक्स्टनच्या छापखान्यात आर्थरकथा लिहिणाऱ्या मॅलरीला गेल्या आठवड्यात जिथे सोडलं, तिथेच त्याला आणखी आठ दिवस बसू द्या. विंचेस्टरच्या शाळेत १९३४ साली सापडलेल्या त्याच्या हस्तलिखिताची हकिगत आज सांगायचं कबूल केलं होतं. पण पाथर्डीच्या एका शिक्षकांचं पत्र आलं आणि बेत बदलला. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं : तुम्ही इतके आठवडे आर्थर आणि गवेनला घेऊन बसला आहात, आपली चांदबिबी याच पंगतीतली नव्हे काय? आणि तोफेत सोन्याचे होन भरून तिने मोगलांवर डागले, ही गोष्ट आम्ही मुलांना सांगतो, ती खरी धरायची की नाही?

पहिल्या प्रश्नाचं उत्तर, होय, याच पंगतीतली. दुसऱ्यासाठी मात्र सगळा लेखांक खर्ची पडणार आहे.

पत्र पाथर्डीहून आलं आहे, म्हणजे ते नगरला येताना शहा डोंगरावरचा तो अष्टकोनी तिमजली बुरूज बघतच येत असणार. त्याला आपण सगळे चांदबिबीचा महाल म्हणतो. ती कबर आहे, आणि ती चांदबिबीची नाही. मूर्तजा निजामशहाचा वजीर सलाबतखान याने ती स्वतःसाठी बांधवली. तळघरात उतरलं की कबरी दिसतात. तरी नाव चांदबिबीचंच टिकलं. वजिराने बांधायचं आणि नाव राणीचं व्हायचं, हे वीरकथेच्या स्वभावाला धरूनच आहे. मोठी व्यक्तिरेखा आजूबाजूचे डोंगर, तळी, दगड आपल्याकडे ओढून घेते. इंग्लंडात आणि वेल्समध्ये आर्थरच्या नावाचे किती दगड आणि किती टेकड्या आहेत, ते आठव्या लेखांकात पाहिलंच आहे.

आता वेढा. याचा सगळ्यात जवळचा साक्षीदार फरिश्ता. तो आधी नगरच्या दरबारात होता, १५८९ मध्ये विजापूरला गेला आणि तिथे दुसऱ्या इब्राहिम आदिलशहाच्या आश्रयाने त्याने इतिहास लिहिला. चांदबिबी ही याच इब्राहिमची चुलती, त्याच्या लहानपणी विजापूरचा कारभार पाहिलेली. तेव्हा फरिश्त्याला तिची थोरवी लपवायचं काहीच कारण नव्हतं, वाढवायचं असलं तर होतं. तो सांगतो ते असं : १५९५ च्या अखेरीस शहाजादा मुराद आणि खानखानान अब्दुर्रहीम नगरवर आले. भुईकोटाच्या तटाखाली त्यांनी सुरुंग खणले. आतल्यांना बातमी फुटली, त्यांनी उलट खणून काही सुरुंग निकामी केले. पण एक उडालाच आणि तटाला खिंडार पडलं. सरदार पळू लागले. तेवढ्यात चांदबिबी चिलखत घालून, तोंडावर बुरखा ओढून, नंगी तलवार हातात घेऊन खिंडारात येऊन उभी राहिली. संध्याकाळपर्यंत मोगलांना आत शिरता आलं नाही आणि रातोरात तट पुन्हा पुरुषभर उंच उभा राहिला.

इथे होन नाहीत. रुपयेही नाहीत. साधी तोफ, दारू, दगड आणि माणसं आहेत.

मग तह का झाला? फरिश्त्याचं कारण रूक्ष आहे, म्हणून मला विश्वासाचं वाटतं. विजापूर आणि गोवळकोंड्याच्या फौजा सुहेलखानाच्या हाताखाली शहादुर्ग म्हणजे आपल्या नळदुर्गाला जमल्या होत्या. मोगलांच्या छावणीत दाणागोटा संपत आला होता. किल्ल्यातही तीच अवस्था होती. १५९६ मध्ये वऱ्हाड मोगलांना देऊन नगर वाचलं.

मौल्यवान धातू त्यानंतर आला, सव्वाशेहून अधिक वर्षांनी, आणि तोही आधी चांदीच. राणीने मोगल छावणीवर चांदीचे गोळे डागले, असं इतिहासकार खाफीखानाने लिहिलं. सोनं आहे ते नगरच्या लोककथेत : तोफेचे गोळे संपले तेव्हा राणीने तांब्याची नाणी भरली, ती संपल्यावर चांदीची, मग सोन्याची, आणि जडजवाहीर उडवायची वेळ आली तेव्हाच तहाचं बोलणं काढलं. ही चढती पायरी नीट बघा. तांबं, चांदी, सोनं, रत्नं : लोककथेला हा जिना फार प्रिय. दारूगोळ्याचा हिशेब ठेवणारा कारकून असं लिहीत नाही, शेकोटीशी बसून सांगणारा सांगतो. वेढ्यात अडकलेल्या किल्ल्याला गोळ्यांइतकीच नाण्यांची गरज असते, शिबंदीचा पगार त्यातूनच निघतो, हा विचार त्या शेकोटीशी कुणाच्या मनात येत नाही.

एल्फिन्स्टनने १८४१ साली भारताचा इतिहास छापला तेव्हा खाफीखानाचे चांदीचे गोळे आणि नगरची ही लोककथा, दोन्ही नोंदवलं, आणि चांदबिबी ही दख्खनच्या लोकांची लाडकी नायिका आहे असंही सांगितलं. त्याने दंतकथा दंतकथा म्हणूनच ठेवली. असे संपादक मला आवडतात.

आणि मग आला मेडोज टेलर. या माणसाबद्दल मला एक स्वतंत्र लेखांक लिहायचा आहे, लिहीनच. लिव्हरपूलला जन्मलेला, निजामाच्या नोकरीत वाढलेला, शोरापूरचा कारभार पाहिलेला, १८५३ नंतर नळदुर्गला राहिलेला. जिथे सुहेलखानाची फौज जमली होती तोच नळदुर्ग. १८७० मध्ये त्याने विद्यार्थ्यांसाठी भारताचा इतिहास लिहिला, आणि मरणोत्तर १८७८ मध्ये त्याची ‘अ नोबल क्वीन’ तीन भागांत प्रसिद्ध झाली. नायिका चांदबिबी. पोटशीर्षकात ‘रोमान्स’ हा शब्द त्याने निर्लाजरेपणाने घातला आहे, आणि तो योग्यच आहे. राणीच्या भोवती तरुण सरदार, त्याचं प्रेम, किल्ले, नद्या, फितुरी. सर वॉल्टर स्कॉटने ‘आयव्हॅन्हो’त जे केलं तेच. स्कॉट आधी ‘सर ट्रिस्ट्रेम’ या जुन्या काव्याचा संपादक (१८०४) आणि नंतर कादंबरीकार. टेलरही इतिहासाच्या पाठ्यपुस्तकाचा लेखक आणि कादंबरीकार. एकाच हाताने पुरावा तपासायचा आणि त्याच हाताने गोष्ट रंगवायची, ही एकोणिसाव्या शतकाची खास खोड. टेलरचा आपल्या मराठी कादंबरीशी थेट संबंध आहे : हरिभाऊ आपट्यांची ‘म्हैसूरचा वाघ’ ही त्याच्याच ‘टिपू सुलतान’वरून घेतलेली.

थोडं आडवळण घेतो, कारण ते सोडवत नाही. चांदबिबीच्या आईवडिलांवरही एक दरबारी काव्य आहे. हुसेन निजामशहाच्या स्तुतीची फारसी मसनवी, कवी आफताबी, नाव ‘तारीफ-इ-हुसेनशाही’. त्यात तालिकोटची लढाई आहे आणि राणी खुंझा हुमायूनच्या रूपाचं वर्णन आहे. सचित्र हस्तलिखित पुण्याला भारत इतिहास संशोधक मंडळात आहे, गो. त्र्यं. कुलकर्णी आणि म. श्री. माटे यांनी १९८७ मध्ये ते संपादून इंग्रजीत आणलं. चित्रांत राणी राजाच्या शेजारी बसलेली होती. ‘होती’ म्हणायचं कारण, नंतर ती बहुतेक ठिकाणी पुसून टाकलेली आहे. हुसेन १५६५ मध्ये वारला, मुलगा लहान म्हणून राणीने राज्य चालवलं, आणि १५६९ च्या सुमारास त्याच मुलाने तिला कैद केलं. एका चित्रात मात्र ती वाचली : तिच्या स्पर्शाने झाड फुलतं आहे, आपल्या संस्कृत काव्यातल्या दोहदासारखं. नगरच्या दरबाराने आईला कुंचल्याने पुसलं आणि लोकांनी लेकीला तोफेत सोनं भरून मोठं केलं.

आता शेवट. १६०० मध्ये मोगल पुन्हा आले, या वेळी शहाजादा दानियाल. चांदबिबीला किल्ला टिकणार नाही हे दिसत होतं. तह करून बालराजाला घेऊन बाहेर पडावं असा तिचा विचार. फरिश्ता म्हणतो, हमीदखानाने रस्त्यावर येऊन ओरड केली की राणी फितूर झाली, आणि जमाव महालात घुसून त्यांनी तिला मारलं. ऑगस्टमध्ये किल्ला पडला.

शाळेत आपण ऐकतो ते निराळं : शत्रूच्या हाती लागू नये म्हणून तिने तेजाबाच्या विहिरीत उडी घेतली. मला ही विहीर आवडत नाही. ती राणीला वाचवत नाही, तिच्या मारेकऱ्यांना वाचवते. आपल्याच लोकांनी मारलं हे सांगायला जड जातं, म्हणून मारणारे गोष्टीतून गळाले आणि विहीर आली. मॅलरी इथे जास्त धीट निघतो. त्याचा आर्थर घरातल्याच माणसाच्या, मॉर्ड्रेडच्या हातून पडतो. टेबलाभोवतीची माणसंच ते टेबल मोडतात. नंतर नाव येते, बायका त्याला घेऊन जातात, आणि कबरही दाखवली जाते. मॅलरी दोन्ही ठेवतो, पण मॉर्ड्रेडला गाळत नाही. चांदबिबीवर नवं नाटक, कादंबरी लिहिणाऱ्यांनी विहीर हवी तर ठेवावी. हमीदखान मात्र गाळू नये.

तेव्हा गुरुजी, मुलांना सोन्याचे होन जरूर सांगा, ते नगरच्या लोककथेतले आहेत असं म्हणून सांगा. खिंडारातली तलवार मात्र बेलाशक इतिहास म्हणून सांगा. आणि वाचकांना एक विनंती : घरात जुनी शालेय पुस्तकं, कीर्तनाची टिपणं, नाटकाच्या संहिता असतील आणि त्यांत तेजाबाची विहीर आली असेल, तर त्या पानाची नक्कल प्रकाशनाच्या वर्षासह आमच्या पत्त्यावर पाठवा. विंचेस्टरचं हस्तलिखित पुढच्या आठवड्यात. खर्ड्याचे पोवाडे, पोवाडे जमवणारे शाळिग्राम आणि अॅकवर्थसाहेब त्याच्या पुढच्या.